स्वतःच्या भूमिकेत

कुताइसीत, रिओनी नदीच्या अल्याड,
लामाराच्या तिसऱ्या मजल्यावर आम्ही आठवडाभर दिवे लावले.
माझं काम साधं : काय कुठे होतं ते लिहून ठेवायचं.
कपात चहा किती उरला. खिडकी किती उघडी.
शालीचं टोक कुठल्या खांद्यावर.
माणूस विसरतो. वही विसरत नाही.

करारात दोन रकाने होते.
पात्र : लामारा गोगबेराश्विली, वय एकाहत्तर,
सर्कशीत दोरावर चालायची, आता निवृत्त.
कलावंत : लामारा गोगबेराश्विली.
तिनं चष्मा लावून दोन्ही वाचले
आणि विचारलं, यातल्या कोणीला पैसे मिळणार?

निर्मात्याला आधी तिबिलिसीची एक नटी हवी होती.
तिची चाचणी लामारानं पाहिली, मन लावून.
म्हणाली, हिलाच घ्या की,
माझ्यापेक्षा बरी लामारा आहे.
फक्त हिचे पाय खोटं बोलतात.

तर लामारालाच घेतलं.
साबा सव्वीस वर्षांचा, गोड मुलगा, नखं खाणारा.
मावशी, नेहमीसारख्या आत या.
ती आली.
छान. आता जरा अजून नेहमीसारख्या.
ती पुन्हा जिन्यात गेली, पिशवीतली तीच अक्रोडं घेऊन.
सहाव्या खेपेला, मी लिहिलंय,
चाळीस वर्षांच्या ओळखीच्या उंबऱ्याला
तिचा पाय अडखळला.
सगळ्यांनी श्वास रोखला.
ती हसली नाही. वाकून उंबऱ्याकडे बघत राहिली,
कोण तू, असं विचारावं तशी.

शेजारच्या त्सियालाला शेजारीण म्हणून उभं राहायचं होतं.
ती केस काळे करून, मोत्यांची माळ घालून आली.
साबा हिरमुसला : अहो, खरी त्सियाला कुठंय?
ही काय, ती म्हणाली,
सिनेमात जाताना मी अशीच असते.

पाचव्या दिवशी फोटो.
दोर वर, दोरावर ती, पांढऱ्या मोज्यांत, तेवीस वर्षांची.
खाली एक माणूस, मान वर, हात थोडेसे पसरलेले.
जाळी नसलेल्या गावांत तो असा उभा राहायचा,
म्हणजे पुढची बावीस वर्षं.
मावशी, यांचं नाव सांगा.
तिनं सांगितलं. खाली ट्रक गेला.
पुन्हा सांगितलं. दिवा गेला.
बल्ब बदलेपर्यंत फोटो तिनं पालथा धरला होता.

तिसऱ्या वेळी ती म्हणाली : रेवाझ.

माझ्या वहीत दोनदा दुसरंच नाव होतं.
अशा वेळी हात वर करायचा, त्याचेच मला पैसे मिळतात.
मी अर्धा केला.
तिनं माझ्याकडे पाहिलं,
दोरावरचा माणूस पाहतो ना, पलीकडच्या टोकाकडे,
मधल्या गर्दीकडे नाही, तसं.
वर गेलेल्या हातानं मी केस मागे सारले.
साबाचे डोळे भरून आलेले. हेच, तो पुटपुटला,
हेच खरं होतं.

बातूमीत सिनेमा लागला. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते.
शेवटी अक्षरं वर सरकली : लामारा, स्वतःच्या भूमिकेत.
पुढच्या रांगेत त्सियाला वळून म्हणाली, भल्या मोठ्यानं,
अगं, हा रेवाझ कोण?
चूप, लामारा म्हणाली, सिनेमा आहे.

परवा मंडईतून तिच्याबरोबर वर गेले.
तिनं कुलूप काढलं, आत पाऊल टाकलं आणि थांबली.
कुणीतरी मागून 'पुन्हा' म्हणेल, एवढा वेळ.
खालच्या मजल्यावर कुणीतरी कांदा परतत होतं.
मग तिनं अक्रोडं वाटेल तिथे ठेवली,
शाल भिरकावली.
कुठे पडली ते मी पाहिलं नाही.